बेळवडीची देसाईण आणि आमच्या घरचा रुमाल

गेल्या वर्षी डिसेंबरातली गोष्ट. माझी नात शाळेतून आली ती उड्या मारीतच. स्नेहसंमेलनातल्या कानडी नाटुकल्यात तिला मुख्य काम मिळाले होते. "आजोबा, मी बेळवडी मल्लम्मा होणार!" असे म्हणून तिने फूटपट्टीची तलवार करून खोलीभर चार हात फिरवले. तिच्याच वर्गातली दुसरी एक मुलगी शिवाजी महाराज होणार होती.

संध्याकाळी मुलगा कामावरून आला. त्याला हे कळले आणि घर एकदम गप्प झाले. तो बोलला इतकेच, "बाबा, आपल्या घरची मुलगी स्टेजवर महाराजांशी लढणार? गल्लीत लोक काय म्हणतील?" सून म्हणाली, "लहान मुलांचं नाटक आहे हो, त्यात काय एवढं!" दोघांचेही आपापल्या जागी बरोबर होते. सीमाभागातल्या घराला अशा साध्या गोष्टीसुद्धा साध्या राहत नाहीत, हे या अंकाच्या वाचकांना वेगळे सांगायला नको.

जेवणे झाल्यावर नात माझ्या खोलीत आली आणि दार लोटून हळूच म्हणाली, "आजोबा, तुम्ही इतिहास शिकवायचात ना? मग सांगा, खरी गोष्ट काय आहे? आणि आपण कुणाच्या बाजूचे?"

पस्तीस वर्षे मी इतिहास शिकवला. परीक्षेत असा प्रश्न कधी काढला नाही आणि वर्गात कुणी विचारलाही नाही. खरे म्हणजे हे दोन प्रश्न होते. खरी गोष्ट काय, हा एक. आपण कुणाचे, हा दुसरा. पुष्कळदा आपण दुसऱ्याचे उत्तर आधी ठरवतो आणि मग त्याला शोभेल असे पहिल्याचे उत्तर शोधत बसतो. त्या रात्री मी नातीला म्हटले, "मला आठ दिवस दे." त्या आठ दिवसांत जे वाचले, जे आठवले आणि जे नव्याने कळले, ते इथे मांडतो आहे.

*

बेळवडी हे आमच्या बेळगाव जिल्ह्यातले, बैलहोंगल तालुक्यातले गाव. या गावची कथा मी पहिल्यांदा ऐकली ती पुस्तकात नव्हे, आजीच्या तोंडून. आजीचे माहेर संपगावकडचे, कानडी बोलणारे. सासर आमचे, मराठी. ती आमच्याशी मराठी बोले, पण गोष्ट रंगात आली की "केळ मगा" म्हणून कानडीत शिरे आणि आम्हा पोरांना त्यात काही वावगे वाटत नसे.

आजीची गोष्ट अशी. मराठ्यांचे लष्कर जवळ येऊन उतरले. शिपायांनी गवळ्यांकडे दूध मागितले. गवळी नाही म्हणाले, तेव्हा शिपायांनी गुरेच हाकून नेली. गुरे सोडवायला बेळवडीची माणसे गेली, लढाई जुंपली, मल्लम्माचा नवरा पडला. मग मल्लम्मा बायकांची फौज घेऊन स्वतः उतरली. शेवटी तिचा घोडा पडला, पण ती पडली नाही. महाराजांनी तिला आई म्हटले आणि तिचे राज्य तिला परत दिले. आजी इथे थांबे आणि म्हणे, "राजा मोठा कशानं? बाईपुढं मान वाकवली म्हणून." आम्हाला या गोष्टीत दोन बाजू आहेत असे कधी वाटलेच नाही. गोष्ट मल्लम्माचीही होती आणि महाराजांचीही.

पुढे शाळेत गेलो, कॉलेजात गेलो, बखरी वाचू लागलो. तिथे हीच गोष्ट भेटली, पण ओळखू येईना.

शिवचरित्राच्या बखरींत सभासदाची बखर सर्वांत जुनी आणि त्यातल्या त्यात भरवशाची मानतात. कृष्णाजी अनंत सभासद यांनी ती १६९० नंतरच्या दशकात, राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून जिंजी येथे लिहिली. म्हणजे शिवाजी महाराजांच्या निधनाला अजून दीड तपही झाले नव्हते. १६७७-७८ च्या कर्नाटक मोहिमेहून परतताना बेळवडीच्या गढीपाशी महाराजांना अडावे लागले, गढी सावित्री नावाच्या बाईच्या ताब्यात होती, ती सत्तावीस दिवस भांडली आणि मग गढी हाती आली, असा प्रसंग मराठी बखरींच्या परंपरेत येतो. भांडणाचे कारणही येते, पण ते आजीच्या उलटे. लष्कराचे ओझ्याचे बैल गढीच्या लोकांनी पळवले, म्हणून महाराज तिकडे वळले!

आता पाहा. एकाच लढाईची दोन कारणे. कानडी तोंडात मराठ्यांनी गुरे नेली. मराठी लेखणीत बेळवडीकरांनी बैल नेले. जनावरे दोन्हीकडे आहेत. फक्त हाकणारा बदलला.

तरुणपणी मी याचा निकाल पटकन लावला होता. बखर लिहिलेली, आजीची गोष्ट तोंडची. म्हणून बखर खरी. पण बखर लिहिली कुठे, हा विचार तेव्हा केला नव्हता. सभासद लिहीत होते ती जिंजी स्वतःच मोगलांच्या वेढ्यात होती. १६९० पासून १६९८ पर्यंत तो वेढा रेंगाळला. अशा वेळी राजाने सांगितले, थोरल्या महाराजांचे चरित्र लिहा. कशासाठी? त्यांनी राज्य कसे मिळवले ते कळावे, त्यातून आपल्याला बळ मिळावे म्हणून. त्या हेतूने लिहिणाऱ्याच्या दृष्टीने बेळवडी हा वाटेतला एक मुक्काम होता. त्याने तो लपवला नाही, हा त्याचा प्रामाणिकपणा. पण थांबून त्या बाईकडे पाहण्याचे त्याला कारण नव्हते. आणि बैल कुणी नेले हे बेळवडीच्या माणसाला विचारण्याची सोय त्याला जिंजीत नव्हती.

इथे महाराजांच्याच एका पत्राची आठवण होते. १६७३ साली चिपळूणजवळच्या छावणीतील आपल्या जुमलेदारांना त्यांनी ताकीद दिली आहे की, दाणागोटा, गवत, भाजीपाला लागेल तो पैसे देऊन बाजारातून घ्यावा. रयतेच्या घरात हात घातला तर लोक म्हणतील, यांच्यापेक्षा मोगल बरे. या पत्राचा आपल्याला अभिमान वाटतो आणि तो रास्तच आहे. पण त्याच पत्रातून दुसरीही एक गोष्ट कळते. लष्कर गावाशेजारी उतरले की काय होऊ शकते, हे महाराजांना चांगले ठाऊक होते. नाहीतर ताकीद देण्याचे कारणच काय? तेव्हा आजीची गुरांची गोष्ट मराठ्यांच्या बदनामीसाठी रचली, असे म्हणण्याची घाई आपण करू नये. ती खरी ठरली असेही नव्हे. एवढेच की, अशक्य नाही.

*

तिसरा साक्षीदार समुद्राकाठचा. राजापूरच्या वखारीतल्या इंग्रजांनी २८ फेब्रुवारी १६७८ रोजी लिहिलेल्या पत्रात एक बातमी दिली आहे. शिवाजी सध्या एका किल्ल्याला वेढा घालून बसला आहे, तिथे त्याची जेवढी नाचक्की झाली तेवढी मोगल आणि विजापूरकर या दोघांनीही केली नव्हती, इतकी राज्ये जिंकणाऱ्याला एक देसाईण जिंकता येईना, असा त्याचा भाव. जदुनाथ सरकारांनी १९१९ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या इंग्रजी शिवचरित्रात हा मजकूर बेळवडीच्या प्रसंगाला जोडला. शिवकालीन इंग्रजी कागदांचा मोठा संग्रह पुढे १९३१ साली पुण्याहून निघाला.

हा कागद बखरीहून मोलाचा, कारण तो त्याच दिवसांतला आहे. पुढे काय झाले हे लिहिणाऱ्याला ठाऊक नाही. त्याने गोष्ट जुळवलेली नाही, बातमी टिपलेली आहे. १६७८ च्या सुरुवातीला एका बाईने महाराजांना अडवून धरले होते, एवढी गोष्ट त्याने पक्की होते. तरीही हा साक्षीदार तटस्थ नव्हे. याच राजापूरची वखार १६६१ साली महाराजांनी लुटली होती, इंग्रज कैदेत पडले होते आणि नुकसानभरपाईची बोलणी वर्षानुवर्षे चालली होती. अशा सावकाराला देणेकऱ्याच्या फजितीची बातमी गोड लागणारच. शिवाय बातमी ऐकीव आहे. महाराजांकडून आलेल्या त्यांच्याच माणसांनी ती सांगितली, असे तो म्हणतो. आणि गंमत अशी की, या मजकुरात गावाचे नाव नाही, बाईचेही नाही. नुसती देसाईण. बेळवडी आणि सावित्री ही नावे आपण बखरींवरून तिथे बसवतो. म्हणजे बखरीवाचून पत्र मुके आणि पत्रावाचून बखर बिनतारखेची.

चौथा साक्षीदार फारसी. 'तारीखे शिवाजी' नावाचे एक फारसी पुस्तक आहे. ते मुळात मराठी बखरीवरून उतरलेले असावे, असे अभ्यासक मानतात. त्यात अशी हकीकत आहे की, गढी पडल्यावर सखूजी गायकवाड नावाच्या सरदाराने त्या बाईची अब्रू घेतली. महाराजांना हे कळले तेव्हा त्यांनी त्याचे डोळे काढवले आणि त्याला कैदेत टाकले.

ही हकीकत मराठी व्याख्यानांतून आपण पुष्कळदा ऐकली आहे. पण ऐकताना एक गोष्ट सुटते. व्याख्यानात भर असतो तो शिक्षेवर. टाळ्या तिथेच पडतात. अत्याचार हा जणू न्यायाची प्रस्तावना. ती बाई, जिच्यावर हे गुदरले, ती पुढच्या वाक्यात नसते. इंग्रजी पत्रात ही हकीकत नाही आणि असण्याची शक्यताही नव्हती, कारण पत्र लिहिले तेव्हा वेढा चालूच होता. आजीच्या गोष्टीतही नव्हती. आजीला ती ठाऊक नव्हती, की पोरांसमोर सांगायची नव्हती, हे आता कुणाला विचारणार?

पाचवा साक्षीदार दगडाचा. धारवाडजवळ यादवाड गावी मारुतीच्या देवळापाशी एक शिल्प आहे. ते मल्लम्माने उभारले असे परंपरा मानते. वरच्या भागात घोड्यावर बसलेला राजा, खालच्या भागात मांडीवर मूल घेतलेला पुरुष आणि हातात वाटी घेऊन समोर उभी असलेली स्त्री. राजा म्हणजे शिवाजी महाराज, स्त्री मल्लम्मा, मूल तिचे, वाटीत दूधभात. लढाई संपल्यावरचे हे चित्र. यात सत्तावीस दिवस नाहीत, बैल नाहीत, जय नाही आणि पराजयही नाही. हे शिल्प आपण परंपरेचा हात धरूनच वाचतो, तो सोडला तर दगड स्वतःहून नावे सांगत नाही. पण ज्यांनी ही परंपरा जपली त्यांना काय आठवणीत ठेवायचे होते, ते मात्र दगड स्वच्छ सांगतो. शेजाऱ्याशी झालेली लढाई त्यांनी विसरली नाही. पण दगडात कोरली ती समेटाची घडी.

*

एक कोडे राहिले. बखरीतली सावित्री आणि कानडी मुलखातली मल्लम्मा या एकच का? दोन्हीकडचे लोक तसे मानतात. मग नावे दोन कशी? इथे मला पुन्हा आजी आठवते. ती माहेरी गंगव्वा होती, सासरी सरस्वती. संपगावला गेलो की लोक तिला गंगव्वा म्हणत आणि आम्ही मुले क्षणभर बुचकळ्यात पडत असू. उद्या कुणी माहेरचा कागद आणि सासरचा कागद शेजारी ठेवला तर त्याला या दोन बायका वाटतील. बेळवडीच्या बाबतीत असेच झाले, असे मी म्हणत नाही. हा पुरावा नव्हे. पण बायकांची नावे कागदात किती सहज बदलतात आणि किती सहज हरवतात, हे त्यावरून लक्षात यावे.

आपल्याकडे इतिहासलेखनाचा जो प्रवास झाला त्यात कागदाची ही प्रतिष्ठा मोठ्या कष्टाने आली आहे. ग्रँट डफने १८२६ साली मराठ्यांचा इतिहास इंग्रजीत लिहिला. तो साताऱ्याचा रेसिडेंट होता. राज्य बुडवणाऱ्यांच्या नोकरीत राहून बुडालेल्या राज्याची कथा त्याने लिहिली. त्याने कागद पुष्कळ पाहिले, पण निकाल त्याचेच. त्यावर १८६७-६८ च्या सुमारास नीळकंठ जनार्दन कीर्तने या तरुणाने टीका लिहिली आणि आपला इतिहास आपण तपासावा ही भावना जागी झाली. १८९८ साली राजवाड्यांनी 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेचा पहिला खंड काढला. १७५० ते १७६१ या काळातली अस्सल पत्रे त्यात आली आणि पानिपताच्या बखरींतल्या किती गोष्टी पत्रांपुढे टिकत नाहीत ते लोकांना दिसले. आपल्या जवळचे उदाहरण म्हणजे मिरजेचे वासुदेवशास्त्री खरे. शाळेत संस्कृत शिकवता शिकवता त्यांनी पटवर्धनी दफ्तर वाचले आणि 'ऐतिहासिक लेखसंग्रहा'चे खंड काढले. आम्हा मास्तरांना हा मोठा आधार वाटतो.

या मंडळींनी शिकवले ते असे की, आधी अस्सल कागद, मग बखर, मग दंतकथा. ते मी आयुष्यभर मुलांना शिकवले. पण अस्सल कागदही काही गाळतो, हे मला शिकवले ते आमच्या घरच्या रुमालाने.

आमच्या माळ्यावर लाल खारव्यात बांधलेला मोडी कागदांचा एक रुमाल आहे. थोडीशी इनाम जमीन होती, तिचे कागद. धारवाड-बेळगावकडे त्या काळी सरकारी दफ्तर मराठीत, मोडीत असे. म्हणून कानडी गावातल्या जमिनीचा कागदही मराठी. इंग्रजांनी १८४० नंतरच्या दशकात या दक्षिण मराठा मुलखात इनामांची चौकशी सुरू केली आणि १८५२ साली तिला कायद्याचे बळ मिळाले. इनाम मूळ कुणाला, कोणी दिले, वंश कसा चालला, ते सिद्ध करा. नाहीतर जमिनीवर सारा बसेल. घरोघरी धावपळ उडाली. पेट्या उघडल्या, वंशावळी लिहिल्या गेल्या, कैफियती तयार झाल्या. आज ज्याला आपण घराण्याचा इतिहास म्हणतो, तो पुष्कळ घरांत असा जमीन वाचवण्यासाठी पहिल्यांदा कागदावर आला.

आमची कैफियतही त्यातलीच. नातीला दिलेल्या त्या आठ दिवसांत मी ती पुन्हा सोडली. भिंग घेऊन वाचली. बापामागून मुलगा, मुलामागून नातू, सगळे नीट. पण एका ठिकाणी बापाचा मृत्यू आणि मुलाची पहिली सही यांच्यात बारा वर्षांचे अंतर आहे. पूर्वी हे माझ्या ध्यानात आले नव्हते. मुलगा तेव्हा अज्ञान असणार. मग ती बारा वर्षे जमीन कुणी राखली? सारा कुणी चुकता केला, कुळांशी कोण बोलले, भाऊबंदांना दाराबाहेर कुणी ठेवले?

याचे उत्तर मला माहीत होते. लहानपणापासून माहीत होते, फक्त कागदाशेजारी ते कधी ठेवले नव्हते. आजी तिच्या सासूकडून ऐकलेले सांगे: "या घरात एक बाई होती, पदर खोचून खळ्यावर उभी राहायची. भाऊबंद वाटणी मागायला आले तेव्हा उंबऱ्यात आडवी झाली. तिच्यामुळं तुम्ही जेवताय." आम्ही ते ऐकून हसत असू. ती बारा वर्षे त्याच बाईची असावीत.

कैफियतीत ती नाही. लिहिणाऱ्याने खोटे लिहिले का? नाही. त्याला विचारले होते वंश कसा चालला आणि त्याने वंश सांगितला. सरकारला हवी होती पुरुषांची साखळी. बाईचे नाव घालून त्या साखळीत तो गाठ कशाला मारील? त्याने शब्द न् शब्द खरा लिहिला आणि बारा वर्षे गाळली.

हे दिसल्यावर बेळवडीही मला वेगळी दिसू लागली. ती बाई कागदात आली ती कशामुळे? तिने सत्तावीस दिवस एक लष्कर अडवले म्हणून. अडवले नसते तर कारभार कितीही चांगला केला असता, तरी राजापूरच्या इंग्रजाला आणि जिंजीच्या सभासदाला तिचा पत्ता लागला नसता. आमच्या घरच्या बाईने भाऊबंदांना अडवले, लष्कराला नाही; म्हणून ती आजीच्या तोंडापुरती राहिली.

कागद खोटे बोलतो असे यावरून कुणी समजू नये. तसे म्हणणे सोपे आहे आणि आळशी लोकांच्या सोयीचे आहे. मग वाटेल त्याने वाटेल ते सांगावे! कागद खोटे बोलत नाही. तो विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर देतो. सभासदाला विचारले होते, राज्य कसे मिळवले. इंग्रजाला त्याचे वरिष्ठ विचारत होते, शिवाजीचे बळ किती उरले. दगड घडवणाऱ्यांना गाव विचारत होते, आता आपण शेजारी कसे राहायचे. आजीला आम्ही विचारत होतो, पुढे काय झाले. प्रत्येकाने आपापल्या प्रश्नाला उत्तर दिले. इतिहास लिहिणाऱ्याने आधी तो प्रश्न ओळखावा, मग उत्तर वाचावे. आणि जिथे कुणी प्रश्नच विचारला नाही, तिथे उत्तर रचून घालू नये. जागा मोकळी ठेवावी.

*

आठव्या दिवशी नातीला हे सगळे माझ्या कुवतीप्रमाणे सांगितले. विटंबनेची हकीकत मी तिला सांगितली नाही. ती अजून लहान आहे. आजीही कदाचित अशीच थांबली असेल, हे त्या क्षणी कळले. बाकी सारे सांगितले. बाई होती, हे पक्के. तिने महाराजांना अडवले, हे पक्के. शेवटी गढी पडली, असे मराठी बखरी म्हणतात. गुरे कुणी आधी नेली, ते दोघे दोन तऱ्हांनी सांगतात. महाराजांनी तिला मान दिला, असे कानडी लोक सांगतात.

"म्हणजे त्यांचा मान कानडी लोकांनीच ठेवला?" नात म्हणाली.

मी तिच्याकडे पाहतच राहिलो. हे मला सुचले नव्हते. जिच्या गढीवर चालून गेले, तिच्याच मुलखाने महाराजांना मूल मांडीवर घेतलेला राजा म्हणून आठवणीत ठेवले. बाहेरच्या खोलीत मुलगा वर्तमानपत्र वाचत होता. त्याचे पान बराच वेळ उलटले नाही.

"आणि आपण कुणाच्या बाजूचे?" तिने दुसरा प्रश्न सोडला नव्हता.

मी म्हटले, "तुझी खापरपणजी गंगव्वाही होती आणि सरस्वतीही होती. तिला विचारलं असतंस तर ती म्हणाली असती, आधी जेवून घे."

नाटक झाले. महाराजांची मिशी दुसऱ्याच प्रवेशात सुटली आणि मल्लम्माने ती लढता लढता उचलून दिली. प्रेक्षकांनी टाळ्या वाजवल्या. शेवटी वाटी पुढे करण्याचा प्रवेश होता. निवेदन करणाऱ्या मुलीने कानडीत एक वाक्य जास्तीचे म्हटले: मराठी लोक हिला सावित्री म्हणतात. ते नातीने बाईंकडे हट्ट धरून घालून घेतले होते, असे मागाहून समजले. मुलगा आला होता. शेवटच्या रांगेत उभा होता, पण पूर्ण वेळ होता.

घरी आल्यावर मी रुमाल पुन्हा बांधायला काढला. बांधण्यापूर्वी एक कोरा कागद घेतला आणि देवनागरीत, नातीला वाचता येईल अशा अक्षरात लिहिले: "कैफियतीत बारा वर्षांचा खंड आहे. त्या काळात या घरातील एका विधवा बाईने जमीन राखली, असे आजीने तिच्या सासूकडून ऐकलेले मला सांगितले. कागदी आधार मिळालेला नाही. नाव:"

पुढे जागा सोडली आहे. नाव आजीने सांगितले नव्हते आणि मी विचारले नव्हते. खाली माझी सही आणि तारीख घातली, कागद कैफियतीच्या वर ठेवला आणि रुमालाची गाठ मारली.